वन्संची उजवी वरची पापणी

...आणि वर मलाच म्हणतात, "बाई, तुम्ही फार मनाला लावून घेता!" ऐकलंत? मनाला लावून घेते! अहो, मनाला नाही तर काय भिंतीला लावू? एका बाईचा डोळा आठ महिने मिटत नाही, जागेपणी मिटत नाही, झोपेत मिटत नाही, वाऱ्यात मिटत नाही, धुळीत मिटत नाही, आणि सबंध इस्पितळात एक माणूस दोन शब्द लिहायला तयार नाही... दोन! तीन म्हणत नाही मी! आणि मी मनाला लावून घेते म्हणे!

थांबा, नीट सांगते, नाहीतर तुम्हाला वाटेल ही बाई आली काय आणि भांडायलाच लागली काय. मी भांडकुदळ नाही हो. वीस वर्षांच्या संसारात माझा आवाज एकदा चढला असेल, तोही फोनवर, पलीकडच्याला ऐकू येत नव्हतं म्हणून. पण तुम्हाला सांगते, गेल्या महिन्यात माझ्या तळपायाची आग अशी मस्तकात गेली, की ती अजून उतरायचं नाव घेत नाही.

मी इस्पितळाच्या रेकॉर्ड विभागात कोडिंग करते. कोडिंग म्हटलं की लोकांचे डोळे मोठे होतात. माझी धाकटी बहीण तर गावभर सांगत सुटलीय, "आमची ताई कॉम्प्युटर इंजिनियर झाली!" अगं बाई, कसली इंजिनियर! शाळा संपली तिथे माझं शिक्षण संपलं, मुलं हाताबाहेर... म्हणजे हातावेगळी झाल्यावर सहा महिन्यांचा कोर्स केला आणि इथे चिकटले. काम काय, तर डॉक्टरांनी लिहिलेलं वाचायचं, आणि त्यात निम्मं आयुष्य जातं. वाचून झालं की प्रत्येक दुखण्याला त्याचा त्याचा कोड लावायचा. कोड लागला की फाईल विम्याकडे जाते, विमा 'हो' म्हणाला की पुढचा उपचार होतो. कोड नाही तर उपचार नाही. साधं आहे.

आणि कोड तरी किती! हजारोंनी! बदक चावलं तर एक कोड, बदकाने नुसतं मारलं तर दुसरा! मी विचारलं होतं मास्तरांना, "सर, बदक मारतं म्हणजे नेमकं कशाने मारतं?" मास्तर म्हणाले, "ते आपण विचारायचं नाही. डॉक्टरांनी लिहिलंय का, एवढंच बघायचं." आणि फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलं, 'लिहिलं नाही, तर झालं नाही!' हा आमच्या धंद्याचा पहिला नियम. पेशंट समोर कळवळतोय, पाय उलटा लटकतोय, तुम्हाला स्वच्छ दिसतंय, पण डॉक्टरांनी 'पाय मोडला' लिहिलं नाही ना? मग मोडला नाही! मला तेव्हा हा नियम फार आवडला होता हो. म्हटलं, किती सरळ! आपल्या मनाचं काही घालायचं नाही, कुणाचं नुकसान नाही, कुणाला फुकटचा फायदा नाही. आता वाटतं, त्या फळ्यासकट...

जाऊ दे.

तर आमच्या वन्सं. ह्यांची थोरली बहीण. आमच्याकडेच असतात आणि आमच्याच इस्पितळात, तळमजल्यावर, कपडे धुण्याच्या विभागात बावीस वर्षं आहेत. चादरी, गाऊन, ऑपरेशनचे हिरवे कपडे, सगळं त्यांच्या हाताखालून जातं. जीभ अशी, की इस्त्रीचीही गरज पडू नये. पण माणूस सोन्यासारखं. त्या खात्यात चाकाच्या गाड्या असतात, त्यावर कपड्यांची गाठोडी रचतात, आणि ती पडू नयेत म्हणून वरून एक जाडजूड रबरी दोरी आवळतात, दोन्ही टोकांना लोखंडी आकडे. अकरा महिन्यांपूर्वी वन्सं डबा घरी विसरल्या, म्हणून मी दुपारी तो द्यायला खाली गेले. "वन्सं, डबा," म्हणायला आणि त्यांनी आकडा सोडायला एक गाठ पडली. दोरी ताणलेली, आकडा सुटला तो सटकन उलटा आला, आणि उजव्या डोळ्यावर! वरची पापणी अर्धी फाटली. माझ्या डोळ्यांदेखत! डब्याचं झाकण कुठे गेलं, मला आजतागायत माहीत नाही.

पळवत नेलं अपघात विभागात. डोळा वाचला होता, नशीब. तिथले डॉक्टर टाके घालायला बसले. मी वन्संचा हात धरून उभी. आणि डॉक्टर... तुम्हाला सांगते, खोटं सांगत असेन तर विचारा वन्संना... डॉक्टर फोनवर! कानात ती बारीक दोरी, हातात सुई, आणि बोलणं कशाचं? घरच्या फरश्यांचं! "नाही नाही, निळी नको. निळी डोळ्यांना टोचते. हां, पांढरी दाखव." आणि इकडे टाका. "किती बाय किती?" टाका. "काठ जुळले पाहिजेत पण, मी सांगून ठेवतो, काठ जुळले नाहीत तर परत!" टाका! अहो, काठ इथे जुळवा ना! पण मी बोलते थोडीच? डॉक्टर ते डॉक्टर. मी मूग गिळून उभी.

पंधरा दिवसांत जखम भरली. डॉक्टर म्हणाले, "छान भरली!" आणि भरलीच होती. पण पुढे व्रण आखडत गेला, आखडत गेला, आणि पापणी वर ओढली गेली. तीन महिन्यांत अशी गत, की डोळा मिटला तरी खाली चार मिलिमीटरची फट! डोळा सुकतो, लाल होतो, दिवसभर थेंब, झोपताना चिकटपट्टी. आमचे हे एकदा चेष्टेने म्हणाले, "ताई, तू आता झोपेतही माझ्यावर नजर ठेवतेस." वन्सं म्हणाल्या, "ठेवायलाच हवी. तुझ्यावर जागेपणीही कुणी ठेवत नाही." हसलो आम्ही. पण मग बुबुळावर पांढरा ओरखडा आला. डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "हा पहिला आहे. असाच आणखी एक खोलवर गेला तर नजर जाईल. पापणीचं ऑपरेशन लवकर करून घ्या."

आता पापणीचं ऑपरेशन करणारे सर्जन आमच्याकडे तीन महिन्यांतून एकच दिवस बाहेरून येतात. ज्यांची मंजुरी आलेली असेल त्यांनाच हात लावतात. त्यांच्या येण्याला एक महिना होता. म्हणजे महिन्याच्या आत विम्याची मंजुरी, नाहीतर पुढचे तीन महिने वन्संचा डोळा रामभरोसे! कळलं ना, जीव कुठे टांगला होता तो?

फाईल माझ्या टेबलावर आली. मी साहेबांना सांगितलं, "साहेब, ही माझी नणंद. दुसऱ्या कुणाला द्या." साहेब म्हणाले, "दुसरं आहे कोण? या खोलीत तुम्ही, मी आणि पंखा. पंख्याला कोर्स नाही. करा, फक्त नियमाने करा." म्हटलं, नियमाने तर नियमाने.

नियम असा. जखमेच्या कोडला शेवटी एक अक्षर असतं. जखम ताजी, उपचार नुकता सुरू, तर ए. भरत आलीय, तर डी. आणि जखम भरून गेली, पण मागे काहीतरी ठेवून गेली, तर एस. म्हणजे पापणी मिटत नाही याचा कोड आधी, आणि त्याच्या मागे जुन्या जखमेचा कोड, शेपटाला एस. ते एस लागलं की विम्याला कळतं, हे कामावरच्या अपघाताचंच उरलेलं आहे, ऑपरेशन द्यायलाच हवं. पण ते एस मी माझ्या मनाने लावायचं नाही. डॉक्टरांनी लिहायला हवं, 'जुन्या जखमेमुळे'. दोन शब्द!

मी फाईल उघडली. डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी सगळं लिहिलं होतं, उजवी, वरची, चार मिलिमीटर, बुबुळावर ओरखडा, ऑपरेशन तातडीने. कारण? त्या म्हणाल्या, "जखम मी पाहिली नाही, टाके मी घातले नाहीत. ज्यांनी घातले ते लिहितील." बरोबर आहे, त्यांचं मी चूक म्हणत नाही. मग टाक्यांच्या डॉक्टरांचा कागद काढला. त्यांनी तपासून काय लिहिलं होतं माहितेय? 'पापणी मिटत नाही. थेंब चालू ठेवावेत.' संपलं! का मिटत नाही? कंटाळा आला म्हणून मिटत नाही? रुसून बसलीय? कारणच नाही! आता मी तिथे होते, मी आकडा पाहिला, रक्त पाहिलं, फरश्यांचं माप ऐकलं! पण लिहिलं नाही, तर झालं नाही!

विम्याला फोन केला. तिकडची मुलगी अगदी गोड, गाणं म्हटल्यासारखं बोलते, "मॅऽडम, आमच्या सिस्टीममध्ये जखमेशी संबंध दिसत नाहीये मॅऽडम, त्यामुळे हे सौंदर्यवर्धनामध्ये येतंय मॅऽडम." सौंदर्यवर्धन! घरी येऊन वन्संना सांगितलं. त्या म्हणाल्या, "सौंदर्य? अगं वहिनी, बावीस वर्षं मी दुसऱ्यांच्या चादरी धुतेय, मला बघायला मशीनशिवाय असतं कोण? तिला म्हणावं, चार मिलिमीटरने काय अप्सरा होणार आहे मी?"

साहेब म्हणाले, "एवढं कशाला ताणता? शेवटी ए टाका आणि मोकळ्या व्हा." ए म्हणजे ताजी जखम! म्हणजे वन्संना परवा पुन्हा आकडा लागला असं मी लिहायचं! परवा तर त्या रजेवर होत्या, घरी बसून मेथी... भाजी निवडत होत्या. खोटं लिहू? ह्या हाताने? नाही म्हटलं. खरं आहे तेच लिहून घेईन.

मग विचारणा पाठवायची. त्यालाही नियम! डॉक्टरांना सरळ विचारायचं नाही, "हे जुन्या जखमेमुळेच ना हो?" तसं विचारलं तर तुम्ही उत्तर त्यांच्या तोंडात घातलंत असं होतं. गुन्हाच जणू! मग कसं विचारायचं, तर शाळेतल्या परीक्षेसारखं. मी अगदी पट्टीने रेघा मारून कागद केला. 'उजवी वरची पापणी न मिटण्याचे कारण आपल्या मते काय? एक, पूर्वीची जखम. दोन, वयोमान. तीन, मज्जातंतूचा आजार. चार, अन्य. पाच, सांगता येत नाही. योग्य तिथे खूण करावी.' डॉक्टर कागदांवर फक्त सोमवारी सह्या करतात. सोमवारची वाट पाहिली. कागद आला. खूण कुठे?

पाच! सांगता येत नाही!

अहो, टाके तुम्ही घातलेत! तुमच्या सुईने! तुम्हाला सांगता येत नाही तर काय मी पापणीला विचारू? मी तो कागद उलटा करून पाहिला, म्हटलं चुकून मागून खूण उमटली असेल. नाही हो.

दुसरा आठवडा. म्हटलं, खुणा करायला दिल्या तिथे माझं चुकलं, शेवटचा चौकोन हाताजवळ होता, केली असेल खूण. या वेळी मोकळा प्रश्न. 'कृपया कारण आपल्या शब्दांत लिहावे.' सोमवारी उत्तर आलं, 'वर पहा.' मी वर पाहिलं. वर कागदाची किनार होती! तिच्या वर पाहिलं, तर पंखा! दुसरं काही नाही! मी फाईलचं पहिलं पान ते शेवटचं पान तीनदा चाळलं, या माणसाने कुठे तरी, कोपऱ्यात, समासात, काही लिहिलंय का. काही नाही. लिहिलं नाही, तर झालं नाही!

तिसरा आठवडा. 'महोदय, वर काही आढळले नाही. कृपया कारण लिहावे.' आता 'महोदय' लिहिताना माझ्या पेनाची शाई संपत होती, इतका जोर देऊन लिहिलं. उत्तर आलं, 'रुग्णास माहीत आहे.' रुग्णास! अहो, रुग्णाला माहीत आहे, रुग्णाच्या भावाला माहीत आहे, रुग्णाच्या भावजयीला माहीत आहे, धुण्याच्या खात्यातल्या मशीनला माहीत आहे! पण रुग्णाचं म्हणणं चालत नाही ना आम्हाला! आमच्या नियमात ज्याचं दुखतं त्याचं सोडून सगळ्यांचं चालतं!

त्या दिवशी तुम्हाला सांगते, मी उठले. जेवणाच्या सुट्टीत, डबा न उघडता. डॉक्टरांच्या खोलीत गेले. नियमाप्रमाणे एक शब्दही सुचवायचा नाही, असं घोकत घोकत जिना चढले. म्हटलं, "डॉक्टर, ही पापणी का मिटत नसावी?"

"आखडलीय म्हणून."

"आखडायचं कारण?"

"व्रण आहे ना तिथे."

"व्रण कशाचा असावा?"

"जखमेचा. व्रण काय हवेतून येतो?"

"कोणत्या जखमेचा, डॉक्टर?"

"अहो बाई, तुम्ही काय मुलाखत घेताय? मीच टाके घातले होते की तिला!"

"मग तेवढं लिहिता का?" मी कागद पुढे केला.

त्या माणसाने पेन हातात घेतलं, टोपण काढलं, कागदावर टेकवलंसुद्धा. मग म्हणाला, "असं एकदम लिहिता येत नाही. विचार करावा लागतो." आणि पेनाचं टोपण लावलं. आणि वर, तेच ते, "बाई, तुम्ही फार मनाला लावून घेता."

जिना उतरताना माझ्या डोक्यात प्रकाश पडला. एवढा बिनडोक नाही हा माणूस! तीनदा विसरला नाही, तीनदा चुकवलंन! 'जुन्या जखमेमुळे' लिहिलं की पुढचा प्रश्न येणार, जखम तर पंधरा दिवसांत छान भरली होती, मग पापणी एवढी आखडली कशी? टाके कुणी घातले? कसे घातले? आणि तो प्रश्न टाळायला एका बाईची नजर गेली तरी चालेल! माझ्या अंगाचा नुसता तिळपापड! जिन्याच्या कठड्यावर मी हात आपटला, तो अजून दुखतोय. त्याला कोड आहे, पण मी लावला नाही.

घरी आले. सर्जन यायला तीन दिवस. वन्सं आरशासमोर थेंब घालत होत्या. मी म्हटलं, "वन्सं, मला तोंड उघडता येत नाही हो, नियम आडवा येतो." त्या शांतपणे म्हणाल्या, "तुला उघडता येत नाही, मला मिटता येत नाही. उद्या मी बघते." म्हटलं, "काय करणार?" म्हणाल्या, "काही नाही. बसणार."

दुसऱ्या दिवशी रीतसर नंबर लावून वन्सं ओपीडीत. मी फाईल पोटाशी धरून दाराशी, ओठ दातांखाली. डॉक्टर खाली मान घालून लिहीतच, "काय त्रास?"

"मान वर करा, दिसेल."

डॉक्टरांनी मान वर केली. मग माझ्याकडे पाहिलं. "बाई, ह्यांना शिकवून आणलंय का तुम्ही?"

मी काही बोलायच्या आत वन्सं म्हणाल्या, "तिच्याकडे नका बघू. तिला नियम आहे, मला नाही. माझ्याकडे बघा. मी आता डोळे मिटते." आणि मिटले. डावा मिटला. उजवा... अहो, मी रोज पाहते, पण त्या पांढऱ्या उजेडात ती फट आणि त्यातून दिसणारं ते पांढरं, ओलसर... मला बघवेना. बाहेर पुढचा नंबर पुकारला. वन्सं हलल्या नाहीत. डॉक्टर म्हणाले, "बरं, थेंब वाढवून देतो."

"थेंब नकोत. त्या दिवशी तुम्ही फोनवर बोलत होता. निळी का पांढरी, असं चाललं होतं. मी पडल्यापडल्या ऐकत होते, दुसरं काय करणार. शेवटी कुठली लावलीत?"

डॉक्टरांनी हातातलं पेन खाली ठेवलं.

"पांढरी," डॉक्टर म्हणाले.

"बरं केलंत," वन्सं म्हणाल्या. "निळी डोळ्यांना टोचते."

बस. एवढंच. आवाज चढवला नाही, हात उगारला नाही. तसाच एक डोळा उघडा ठेवून बसून राहिल्या. डॉक्टरांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग फार हळू म्हणाले, "बाहेर सात जण होते त्या दिवशी. घाई झाली." आणि कागद ओढून लिहायला लागले. लिहून त्यांनी कागद वन्संना नाही, मला दिला. 'उजव्या वरच्या पापणीच्या जुन्या जखमेमुळे, टाक्यांच्या व्रणाने पापणी आखडली आहे. पूर्ण मिटत नाही.' तारीख, वेळ, सही. आणि अक्षर! अहो, इतकं सुंदर अक्षर आहे त्या माणसाचं! मोत्यासारखं! अकरा महिने कुठे ठेवलं होतं कोण जाणे! टाक्यांच्या व्रणाने, असंही लिहिलं होतं, ते कुणी मागितलं नव्हतं. तेवढ्यापुरता माझा राग एक पायरी उतरला, आणि 'घाई झाली' हे आठवून परत दोन चढला. घाई! तुमची दहा मिनिटांची घाई, तिचे अकरा महिने!

मी धावत खाली आले, पापणीचा कोड आधी, मागे जखमेचा, उजवी, वरची, शेपटाला एस. माझ्या नोकरीत मी इतक्या प्रेमाने कुठलं अक्षर दाबलं नाही. साहेब म्हणाले, "कळफलक मोडेल." मोडू दे! बुधवारी दुपारी मंजुरी आली, गुरुवारी सर्जन आले, कानामागची थोडी कातडी घेऊन पापणीला जोडली, आणि पट्टी निघाली तेव्हा वन्संनी डोळे मिटले... दोन्ही. पूर्ण. डॉक्टरीणबाई छोटी बॅटरी घेऊन वाकून वाकून बघत होत्या, फट कुठेच नाही. मी तिथेच रडले. वन्सं म्हणाल्या, "आता हिचे मिटेनात."

संपलं, असं वाटलं ना तुम्हाला? मलाही वाटलं!

गेल्या आठवड्यात विम्याचं पत्र आलं. 'ऑपरेशन पार पडल्याचे समजले. अभिनंदन. फाईल पूर्ण करण्यासाठी रुग्णाची पापणी मिटत नसल्याचा फोटो आवश्यक आहे. फोटो मागील सात दिवसांतील असावा. सात दिवसांत न आल्यास मंजुरीचा फेरविचार करण्यात येईल.' मी फोन लावला. तीच मुलगी. "मॅऽडम, फोटो लागेलच मॅऽडम."

"अगं, पण ऑपरेशन झालं! आता पापणी मिटते!"

"हो मॅऽडम, पण न मिटण्याचा फोटो लागेल मॅऽडम."

"जुना आहे माझ्याकडे, ऑपरेशनच्या आदल्या दिवशीचा."

"ताजा हवा मॅऽडम."

काय करू? खोटं तर मी करायची नाही. वन्संना खुर्चीत बसवलं, खिडकीच्या उजेडात, डोळे मिटायला सांगितले, फोटो काढला, जसा आहे तसा पाठवला. दोन दिवसांनी उत्तर, 'फोटोत दोष दिसत नाही. कृपया दोष दिसेल असा फोटो पाठवावा.' मी जवळून काढला, पाठवला. 'दोष दिसत नाही.' बाजूने काढला. 'दोष दिसत नाही.'

आज परत बसवलंय त्यांना खिडकीपाशी. म्हटलं, "वन्सं, आता काय करायचं हो?" त्या म्हणाल्या, "तुला हवे तेवढे काढ, बाई. मी तोवर जरा झोपते." आणि झोपल्या की! दोन्ही पापण्या कशा एकमेकींवर टेकलेल्या, अगदी लहान मुलासारख्या. मी मोबाईल हातात घेऊन उभी. उद्या शेवटचा दिवस...

आता तुम्हीच सांगा, दोष कुठून आणू मी?